शेजारच्या वहिनींना ऐकू येत नाही, त्यांच्याशी नीट कसं बोलायचं? (कोल्हापूर)

शाहूपुरीकरीण

नमस्कार. लिहू का नको असं चार दिवस चाललं होतं, शेवटी लिहितेच.

आम्ही शाहूपुरीत राहतो, कुंभार गल्लीच्या जवळच. दीड वर्षापूर्वी शेजारच्या घरात एक कुटुंब भाड्यानं आलं, नवरा बायको आणि पाच वर्षांची पोरगी. दादा शिरोलीला फौंड्रीत आहेत, वहिनी घरीच शिलाई करतात, ब्लाऊज, फॉल-पिको, पोरींचे परकर-पोलकं. हात लै बारीक आहे त्यांचा, अख्ख्या गल्लीचे ब्लाऊज त्यांच्याकडंच असतात. वहिनींना जन्मापासून ऐकू येत नाही आणि त्या बोलतही नाहीत.

आमच्यात डब्याची देवाणघेवाण आहे, सणाला ताट जातं येतं, सगळं आहे, पण बोलणं म्हणाल तर दीड वर्षात मी त्यांच्याशी एकदाही धड बोललेली नाही हे मला आत्ता कळतंय. ब्लाऊज टाकायला गेले की मी दादांना सांगायची, "वहिनींना सांगा गळा जरा खाली पाहिजे", आणि वहिनी तिथंच समोर टेप गळ्यात घालून उभ्या असायच्या. दादा नसले तर ती पाच वर्षांची पोरगी मध्ये.

मागच्या पावसाचा जोर होता तेव्हाची गोष्ट. पंचगंगेच्या राजाराम बंधाऱ्याला पाणी ३९ फुटाच्या वर गेलं तसं आमच्याकडं सगळ्यांचं पोटात गोळा यायचं काम सुरू झालं, कारण २०१९ आणि २०२१ दोन्ही वेळा आमचा तळमजला पाण्यात होता. दुपारी चारला भोंग्याची गाडी फिरून गेली, सामान वर घ्या, तयारीत रहा. सगळी गल्ली बाहेर. मी पण सासूबाईंची औषधं, गॅसची टाकी, कागदपत्रांची पिशवी, फ्रीज असं सगळं करत होते. वहिनी दाराकडं पाठ करून मशीनवर बसल्या होत्या, दादा कामावर. आणि एकानंही, माझ्यासकट, आत जाऊन त्यांना सांगितलं नाही. सहाच्या सुमारास त्या दूध आणायला म्हणून बाहेर आल्या तर गल्लीत गाद्या आणि कपाटं वर चढवायला लागलेत. त्यांनी माझ्याकडं बघितलं. मग आत गेल्या, बिलबुकाच्या मागच्या पानावर काहीतरी लिहून आणलं आणि माझ्या हातात दिलं. "सगळे माहीत. मला कोण सांगत नाही. मुलगी घरात."

त्या वेळेला पाणी आलं नाही, उतरलं. पण ती चिठ्ठी अजून माझ्या पर्समध्ये आहे.

मला हे नीट शिकायचंय. बेलचा उपयोग नाही तर बोलवायचं कसं, मागून हात लावला तर चालतो का? मी मोठ्यानं आणि तुकडे तुकडे करून बोलते ते बरोबर आहे का? सासूबाई त्यांना "मुकी" म्हणतात, मायेनंच म्हणतात पण मला ते ऐकवत नाही, मग म्हणायचं काय? आणि सांकेतिक भाषा कुठं शिकायची? मी रील बघून एबीसीडी पाठ केली आणि त्यांना करून दाखवली तर त्यांनी मान हलवून माझा हात खाली केला. माझं काय चुकलं तेच कळेना.

पंचगंगाघाट

ताई चिठ्ठी वाचून कसंतरी झालं. आमच्या आजोबांना ऐकू येत नाही, त्यांच्याशी आम्ही कानाजवळ जाऊन मोठ्यानं आणि एकेक शब्द ताणून बोलतो, त्यांना कळतं. वहिनींना पण तसंच करून बघा, आणि कानाचं मशीन बसवून घेतलं तर सगळ्यात बरं.

इचलकरंजीची_पोर

दादा, राग मानू नका पण आजोबांचं वेगळं. आजोबांनी आयुष्यभर ऐकलंय, भाषा त्यांच्या डोक्यात आहे, फक्त कान कमी झालेत. वहिनींच्या कानाला कधी आवाजच नाही. त्यांच्यासमोर ओरडलं तर त्यांना फक्त एक रागावलेला चेहरा आणि वेडंवाकडं झालेलं तोंड दिसतं. मशीन पण चष्म्यासारखं नसतं, लावलं आणि स्पष्ट झालं असं होत नाही, ते सगळाच आवाज मोठा करतं, भांडी, मिक्सर, गाड्या सगळं. आणि मशीन घ्यायचं का नाही हे ज्याचं त्यानं ठरवायचं.

माझे आई-बाबा दोघंही जन्मापासून ऐकू न येणारे, त्यामुळं ताईंना जे माहीत आहे ते सगळं सांगते.

बोलवायचं असेल तर आधी त्यांच्या नजरेच्या टप्प्यात या आणि हात हलवा. जवळ असाल तर खांद्यावर किंवा दंडावर हलकं दोनदा थापटा, मागून चालतं पण एकदम धरू नका आणि डोक्याला, पाठीला हात लावू नका. लांबून असेल तर खोलीतला दिवा दोनदा चालू-बंद. टेबलावर थाप मारली तरी कळतं, हादरा पोचतो. फरशीवर पाय आपटून मात्र आपल्या घरात काही होत नाही, लाकडी जमीन असेल तर ठीक. आणि कुणीतरी माझ्या आईला बोलवायला तिच्या अंगावर टॉवेल फेकला होता, असं करू नका, कृपा करून.

दारात उभं राहून बोलू नका, मागं उजेड असला की तुमचं तोंड काळं दिसतं. उजेड तुमच्या चेहऱ्यावर पडला पाहिजे. भाजी परतत, मान वळवून बोललं की अर्धं गेलं. गल्लीतल्या काकांना पण सांगा, मिशी ओठावर आली असेल आणि तोंडात मावा असेल तर समोरच्याला ओठावरचं काहीच मिळत नाही.

आता पोरीचं. "चहा घेणार का विचार" एवढ्याला पोरगी मध्ये घेतली तर घ्या, त्याच्या पुढं नको. मी सात वर्षांची होते, आईला पोटात दुखायचं म्हणून आम्ही एका दवाखान्यात गेलो. डॉक्टर आईकडं न बघता मला म्हणाले, आईला सांग गाठ आहे. मला गाठ म्हंजे काय ते कुठं माहीत. मी आईला पदराला मारतात ती गाठ करून दाखवली. आई हसली आणि तिनं पदर झटकून दाखवला, कुठं आहे गाठ? डॉक्टर मला म्हणाले, हसू नका म्हणावं. ते घर येईपर्यंत माझ्या पोटात राहिलं, आणि अजूनही राहिलंय. आईचं ऑपरेशन झालं, ती बरी आहे, पण ती गोष्ट मी सांगायची नव्हती. पैशाचं, आजाराचं, भांडणाचं, पुराचं असं काही असेल तर वहिनींना स्वतः लिहून द्या, टाईप करून दाखवा, दादांना व्हिडिओ कॉल लावून द्या, पण त्या लेकराच्या तोंडून नको.

आणि दादा मध्ये असले तरी बघायचं वहिनींकडं. "वहिनींना सांगा" म्हणायचं नाही, वहिनींकडं बघून "गळा जरा खाली पाहिजे" म्हणायचं, दादा हातानं सांगतील.

निवृत्त_बाई

मी कर्णबधिर मुलांच्या शाळेत ३१ वर्षं शिकवलं. कुठली शाळा ते महत्त्वाचं नाही.

शब्दाचं विचारलंत म्हणून आधी ते. कर्णबधिर म्हणा. जुन्या पाट्यांवर मूकबधिर आहे, आम्हीही तेच म्हणायचो, पण त्यांचा गळा, स्वरयंत्र सगळं शाबूत असतं. मूल बोलायला शिकतं ते ऐकून, ऐकलंच नाही तर बोलणं येत नाही, एवढीच गोष्ट. आणि हातानं घडाघडा बोलणाऱ्या बाईला मुकी कसं म्हणायचं? नवीन पिढी स्वतःला सरळ "डेफ" म्हणते, वहिनींना काय आवडतं ते त्यांनाच विचारा. सासूबाईंना भाषण देऊ नका, त्यांच्यासमोर तुम्ही प्रत्येक वेळी नावानं किंवा "शेजारच्या वहिनी" म्हणत रहा.

ओठ वाचून सगळं कळतं असा लोकांचा समज आहे. तुम्ही आरशासमोर आवाज न काढता म्हणून बघा, "बाबा", "मामा", "पापा". तिन्ही एकच दिसतात. "भात", "पात", "मात" तसंच. क, ग, ह हे तर घशाकडं होतात, बाहेर काहीच दिसत नाही. उरलेलं ती माणसं चेहऱ्यावरून, हातातल्या वस्तूवरून, आधीच्या बोलण्यावरून जुळवतात, आणि दिवसभर ते जुळवून डोकं शिणतं. म्हणून विषय आधी सांगायचा. ब्लाऊजबद्दल बोलायचं असेल तर ब्लाऊज हातात घ्या आणि मग बोला. ताणून बोलू नका, नेहमीच्या वेगाच्या जरा हळू, पूर्ण वाक्य. कळलं नाही तर तेच वाक्य पाचदा म्हणण्यापेक्षा शब्द बदला.

त्या चिठ्ठीबद्दल. "मला कोण सांगत नाही" वाचून कुणाला वाटेल बाई कमी शिकलेली आहे. मराठी ही त्यांची दुसरी भाषा आहे. घर, घरी, घरात, घरून, घराला हे प्रत्यय आपण कानानं शिकतो, शाळेत नाही. ज्याच्या कानावर ते कधी पडलेच नाहीत त्यानं ते पुस्तकातून शिकायचे म्हणजे केवढे कष्ट. लिहून देताना वाक्य छोटं ठेवा, एका वाक्यात एकच गोष्ट. "उद्या पाणी येणार नाही" यात नळाचं का नदीचं तेही लिहा, विशेषतः आपल्या गावात.

सांकेतिक भाषा म्हणजे मराठीचे हातवारे नव्हेत, तिचं स्वतःचं व्याकरण आहे. प्रश्नाचा शब्द शेवटी येतो, "तुझं नाव काय" मध्ये आपलाही "काय" शेवटी येतो म्हणून आपल्याला तो सोपा जातो. हो-नाहीच्या प्रश्नाला भुवया वर जातात, चेहरा कोरा ठेवला तर प्रश्न प्रश्न राहत नाही. मराठी माणसं हात हलवतात आणि चेहरा दगडासारखा ठेवतात, पहिला धडा मी तोच देते.

तुमची एबीसीडी बहुतेक अमेरिकेतली होती. ती एका हाताची. आपली दोन हातांची आहे, डाव्या हाताची बोटं म्हणजे स्वर, अंगठा ए, मग तर्जनी ई, मधलं बोट आय, अनामिका ओ, करंगळी यू, आणि उजव्या हाताच्या बोटानं त्या टोकाला लावायचं. वहिनींनी हात खाली केला तो रागानं नसावा, त्यांना ते वाचताच आलं नसणार. दिल्लीला भारतीय सांकेतिक भाषा संशोधन व प्रशिक्षण केंद्र आहे, २०१५ मध्ये सुरू झालेलं, त्यांचा शब्दकोश यूट्यूबवर फुकट आहे, २०२१ मध्ये तो १०,००० शब्दांचा झाला, आणि साईन लर्न नावाचं त्यांचं ॲपही आहे. तिथून सुरुवात करा पण गावोगावचे काही शब्द वेगळे असतात, वहिनी जो दाखवतील तो तुमच्यासाठी बरोबर.

एक सांगायचं राहिलंय ते सांगून टाकते. सुरुवातीची कित्येक वर्षं आम्ही मुलांना वर्गात खुणा करू द्यायचो नाही, बोललंच पाहिजे म्हणून. हात मांडीखाली घेऊन बसायला लावायचो. १८८० मध्ये इटलीत मिलानला शिक्षकांची परिषद भरली आणि खुणा नकोत, बोलायलाच शिकवा असं ठरलं, ते जगभर पसरलं आणि आमच्यापर्यंत आलं. मधल्या सुट्टीत तीच मुलं मैदानात हातानं इतकी बोलायची, इतकी हसायची, आणि घंटा झाली की परत हात मांडीखाली. मी ते बघितलंय आणि तरी वर्गात गेल्यावर तेच केलंय. आता २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात सांकेतिक भाषेचा उल्लेख आहे, शाळाही बदलल्यात. पण माझे ते विद्यार्थी आज चाळिशीत आहेत आणि त्यांची मी माफी मागितलेली आहे, जे भेटले त्यांची.

डेफ_कोल्हापूर

नमस्कार. मी डेफ. मराठी लिहितो, चूक असेल तर समजून घ्या.

बाईंनी बरोबर लिहिलं.

मी एक सांगतो. सगळ्यात वाईट शब्द "काही नाही". घरात सगळे हसतात. मी विचारतो, काय झालं? ते सांगतात, काही नाही. किंवा, नंतर सांगतो. नंतर कधी येत नाही. लहानपणापासून रोज. जोक छोटा असेल तरी सांगा. मला ठरवू द्या छोटा का मोठा.

तुमच्या गल्लीचा व्हॉट्सॲप ग्रुप असेल. त्यात सगळे व्हॉइस मेसेज टाकतात. आमच्या गल्लीत पण. पुराच्या वेळी ४० व्हॉइस मेसेज. मी काय करू? टाईप करा. ग्रुपमध्ये एवढं सांगा, खूप मोठं काम होईल.

माझ्याशी बोलताना मोबाईल बघू नका. डोळे गेले की बोलणं बंद. दोन डेफ हातानं बोलत आहेत आणि तुम्हाला मधून जायचं आहे, तर सरळ जा. थांबून माफी मागितली की बोलणं तुटतं.

गुगलचं लाईव्ह ट्रान्स्क्राइब ॲप आहे. तुम्ही बोला, मोबाईलवर अक्षर येतं. मराठी आहे. कोल्हापुरी बोललं की चुकतं. जरा पुस्तकासारखं बोला.

लोकांना वाटतं आम्हाला मिरवणुकीत काय मजा. मला ढोल आवडतो. छातीत वाजतो. मी दरवर्षी जातो. वहिनींना विचारा गणपती बघायला येणार का. कोण विचारत नाही.

डेफ लोकांत प्रत्येकाला खुणेचं नाव असतं. माझं, गालावर बोट, कारण खळी. हे नाव आपण स्वतः ठेवायचं नाही. डेफ माणूस देतो. तुम्हाला वहिनी देतील, पण वेळ लागेल. मागू नका.

राजारामपुरी_वायरमन

ताई बेलचं काम माझं. बेलच्या पॉइंटला पॅरललमध्ये एक होल्डर जोडायचा आणि त्यात लाल एलईडी बल्ब लावायचा, बटण दाबलं की बल्ब लागतो. मशीनच्या समोरच्या भिंतीवर एक आणि स्वयंपाकघरात एक. बटण धरलं तेवढाच वेळ लागतो म्हणून तीन-चारदा दाबायचं, मग लक्ष जातंच. तासाभराचं काम आहे, खर्च बल्ब होल्डर आणि वायरचा. घरमालकाला विचारून करा, भाड्याचं घर आहे. माझ्या एका गिऱ्हाईकाकडं सहा वर्षं चालू आहे, काही बिघडलेलं नाही. मी मजुरी घेणार नाही.

पंचगंगाघाट

आरशासमोर "बाबा मामा पापा" म्हणून बघितलं. खरंच एकच दिसतंय. मी वर लिहिलेलं चुकीचं होतं, माहीत नव्हतं. आमच्या गल्लीच्या ग्रुपवर टाईप करायचं आजच टाकलंय.

शाहूपुरीकरीण

सगळ्यांचे लै लै आभार. महिना झाला, म्हटलं काय झालं ते लिहावं.

मी आधी गेले आणि माफीचं लिहून दिलं, छोट्या वाक्यात. "त्या दिवशी मी सांगितलं नाही. माझं चुकलं. आता मी सांगणार." वहिनींनी वाचलं, परत वाचलं, घडी घालून मशीनच्या ड्रॉवरमध्ये ठेवलं आणि चहा टाकला. त्याबद्दल पुन्हा काही नाही.

मग मी रोज दुपारी पंधरा मिनिटं जायला लागले. ॲपवर बघून जायची आणि त्या दुरुस्त करायच्या, कधी माझी बोटं धरून वळवायच्या. सुई, दोरा, गळा, बाही, घट्ट, सैल हे आधी आलं कारण ते समोरच असतं. मग दूध, पाऊस, सासू. भुवयांचं बाईंनी सांगितलेलं एकदम खरं, मी "झालं का?" विचारायची आणि त्या वाट बघत बसायच्या, कारण माझ्या चेहऱ्यावर प्रश्नच नसायचा. आता मी भुवया उचलते. पहिल्यांदा कळायला लागलं की वहिनी किती बोलतात. गल्लीतल्या प्रत्येक बाईचं माप आणि स्वभाव त्यांना माहीत आहे आणि त्या इतकी हुबेहूब चाल करून दाखवतात की कोण ते लगेच कळतं.

वायरमन दादा येऊन बल्ब लावून गेले, खरंच मजुरी घेतली नाही, वहिनींनी त्यांना पिशवी शिवून दिली. ग्रुपवर आता टाईप करतात, दोघंतिघं अजून व्हॉइस टाकतात तर त्याचं मी खाली लिहून टाकते.

पोरगी आता आमच्या दोघींच्या मध्ये उभी राहत नाही, अंगणात खेळायला पळते.

सासूबाईंना मी काही बोलले नाही. त्या एक दिवस माझ्याबरोबर आल्या, बघत बसल्या, आणि मला म्हणाल्या, तिला विचार माझं नाव काय ठेवलंय. वहिनींनी कपाळावर अंगठ्यानं एवढं मोठं कुंकू काढून दाखवलं. सासूबाई घरी येऊन सासऱ्यांना करून दाखवत होत्या. "मुकी" परत त्यांच्या तोंडून आलेलं नाही.

माझं नाव गेल्या बुधवारी मिळालं, मागितलं नव्हतं. बोलताना मी सारखी केस कानामागं घेते, तेच.

आणि पाण्याचं आम्ही ठरवलंय, इशारा पातळी ३९ ला मेसेज, धोका पातळी ४३ च्या आधी मी स्वतः जाऊन बल्ब पेटवणार. काल रात्रीपासून परत पाऊस धरलाय. सकाळी बंधाऱ्याचा आकडा बघायला म्हणून मोबाईल घेतला तर वहिनींचा मेसेज आधीच येऊन पडला होता, पावणेसहाचा.

"पाणी ३४. वाढते. तू फ्रीज वर ठेव. मी येते मदत."